शाळेचं वीजबिल मुलांच्या हाती द्या

उन्हाळ्यात टँकर सुरू झाले की, किंवा पाच जूनला पर्यावरण दिन आला की, आपल्याकडे एक मागणी हमखास पुढे येते : शाश्वत विकास हा शाळा-कॉलेजात स्वतंत्र विषय करा. वर्तमानपत्रांतून पत्रं येतात, परिसंवाद होतात, मंत्री आश्वासन देतात. मी हॅम्बुर्गला राहतो. मुलगी इथल्या सरकारी शाळेत जाते आणि घरचे मराठी पेपर मी न चुकता वाचतो. दोन्हीकडचं पाहून मला ठामपणे वाटतं की आणखी एक विषय वाढवून काहीही साधणार नाही. विषय आपल्याकडे केव्हाचाच आहे.

पर्यावरणाचे खटले लढणारे वकील एम. सी. मेहता यांच्या याचिकेवर सर्वोच्च न्यायालयानं 22 नोव्हेंबर 1991 रोजी पर्यावरण शिक्षण सक्तीचं करायला सांगितलं. अंमलबजावणी रेंगाळली म्हणून 2003 मध्ये न्यायालयाला पुन्हा बजावावं लागलं. आज महाराष्ट्रातलं मूल तिसरीपासून 'परिसर अभ्यास' शिकतं, नववी-दहावीत 'जलसुरक्षा' आणि अकरावी-बारावीत 'पर्यावरण शिक्षण व जलसुरक्षा'. पदवीला गेलं की विद्यापीठ अनुदान आयोगाचा सक्तीचा अभ्यासक्रम असतोच, मग शाखा वाणिज्य असो की अभियांत्रिकी. उलट माझ्या मुलीच्या वेळापत्रकात पर्यावरण नावाचा तासच नाही. जे आहे ते भूगोल, जीवशास्त्र अशा विषयांत विखुरलेलं आहे. कागदावर पाहिलं तर आपण जर्मनीच्या पुढे आहोत.

कागदाच्या पलीकडे काय होतं, ते भाचीच्या बारावीच्या वेळी जवळून पाहिलं. ती सांगलीची. तिला प्रकल्पासाठी विषय मिळाला 'पूर : कारणे व उपाय'. फोनवर म्हणाली, "मामा, तिकडच्या पुराचे रंगीत फोटो पाठव ना, चिकटवायला हवेत." मी म्हटलं, आधी तू काय लिहिलंयस ते तरी पाठव. तिनं पानं पाठवली. प्रस्तावना, उद्दिष्टे, महत्त्व, कार्यपद्धती, निरीक्षणे, निष्कर्ष, सगळे मथळे जागच्या जागी होते. 'निरीक्षणे' खाली ब्रह्मपुत्रेच्या पुराची माहिती होती, कुठल्याशा पीडीएफमधून जशीच्या तशी उतरवलेली. ऑगस्ट 2019 मध्ये सांगलीच्या आयर्विन पुलापाशी कृष्णा 57 फुटांवर गेली, धोक्याची पातळी 45 फूट असताना. त्या पुरात हिच्या घराच्या तळमजल्यावर छातीभर पाणी होतं आणि आजीला बोटीतून काढावं लागलं होतं. त्यातलं एक अक्षर प्रकल्पात नव्हतं. "ते लिहिलं तर चालेल का?" असं तिनं मलाच विचारलं. तिच्या शिक्षिकेला मी दोष देणार नाही. शंभरावर वह्या तपासायच्या, त्याही बोर्डाच्या परीक्षेच्या तोंडावर. पण मुलीनं जे अंगावर झेललं ते 'अभ्यासा'त बसत नाही, असं बारा वर्षांच्या शाळेनं तिला शिकवलं, आणि याचं मला फार वाईट वाटतं.

आता हॅम्बुर्गचं सांगतो. इथं 1994 मध्ये 'फिफ्टी-फिफ्टी' नावाची योजना सुरू झाली. शाळांची वीज, पाणी, हीटिंग यांची बिलं शहर भरतं. योजनेचा करार साधा होता : आधीच्या वर्षांच्या सरासरीपेक्षा शाळेनं जेवढं वाचवलं, त्यातले अर्धे पैसे शाळेचे. थंडी कमी-जास्त पडली तर तो फरक हिशेबात धरतात. पुढे ही कल्पना जर्मनीतल्या इतर शहरांनी आणि युरोपातल्या अनेक देशांनी उचलली.

मुलीच्या शाळेत याचं रूप असं होतं. प्रत्येक वर्गातून दोन मुलं 'ऊर्जा पथका'त. त्यांच्याकडे थर्मामीटर आणि एक तक्ता. वर्गाचं तापमान 20 अंशांच्या आसपास पुरतं. प्रत्यक्षात किती आहे, खोली गरम करणाऱ्या रेडिएटरची चावी किती आकड्यावर आहे, खिडकी दिवसभर किलकिली ठेवलीय की पाच मिनिटं सताड उघडून बंद केलीय, हे सगळं टिपायचं. नोंदी ठेवता ठेवता मुलांना दिसलं की सोमवारी सकाळी जिमखान्याचा हॉल वर्गांपेक्षा गरम असतो. शनिवार-रविवार तर शाळा बंद! मुलं तक्ता घेऊन हाउसमाइस्टरकडे गेली. हाउसमाइस्टर म्हणजे इमारतीची देखभाल करणारे, शाळेतलं मोठं वजनदार प्रस्थ. त्यांनी आधी उडवून लावलं, मग तळघरात जाऊन टायमर पाहिला. तो सुट्टीच्या दिवशीही चालू राहिला होता. त्यांनी तो मुलांच्या देखत बदलला. माझी मुलगी तेव्हा दहा वर्षांची होती. टक्केवारी, सरासरी, आलेख हे तिला गणिताच्या तासाला कंटाळवाणं वाटायचं, पण त्या तक्त्यापायी ती घरी येऊन मला सरासरी समजावून सांगायची. आणि मोठ्या माणसाकडे पुरावा घेऊन गेलं तर तो ऐकतो, हेही तिला कळलं. माझ्या मते शाश्वततेच्या शिक्षणाचा गाभा तोच आहे.

म्हणून जर्मनीची आरती ओवाळावी असं मात्र नाही. इथल्या माणसामागे होणारं कार्बन उत्सर्जन भारतीय माणसाच्या तिपटीहून अधिक आहे. वर्गात दोन अंश वाचवणारी मुलं सुट्टीत विमानानं स्पेनला जातात आणि त्याबद्दल शाळेत फारसं कुणी बोलत नाही. कोळशाच्या खाणीसाठी ल्युत्सेराथ हे गाव जानेवारी 2023 मध्ये पोलीस लावून रिकामं केलं गेलं. शाळेतून शिकलेलं पुढे धोरणात उतरतंच असं नाही. आणि मराठवाड्यात हंडा घेऊन टँकरमागे धावणाऱ्या मुलीला पाण्याची किंमत हॅम्बुर्गच्या कुणी शिकवावी, हे तर बोलायलाही नको.

गावाकडचे शिक्षक मित्र म्हणतात, आमच्या जिल्हा परिषद शाळेत दोन ट्यूब आणि तीन पंखे, किरकोळ खर्चासाठीचं सादिल अनुदान वेळेवर येत नाही, थकलेल्या बिलापायी वीज तोडतात, तिथं वाचवायचं काय? बरोबर आहे. तिथं फिफ्टी-फिफ्टी जशीच्या तशी नेऊन उपयोग नाही. तिथला हिशेब वेगळा असेल, पण हिशेब असायला हवा आणि तो मुलांनी मांडायला हवा. शाळेच्या छतावर पावसाळ्यात किती पाणी पडलं, पोषण आहाराच्या परसबागेला किती लागलं, हातपंप कुठल्या महिन्यात आटला. हिवरे बाजारनं पाण्याचा ताळेबंद मांडून कोणती पिकं घ्यायची ते ठरवलं, तो ताळेबंद म्हणजे सातवीच्या गणिताचाच धडा आहे. पाबळच्या विज्ञान आश्रमात डॉ. श्रीनाथ कलबाग यांनी 1983 पासून 'काम करत शिकणे' उभं केलं. शेती, ऊर्जा, बांधकाम, आरोग्य यांची कामं हातानं करत मुलं शिकली आणि तो अभ्यासक्रम पुढे राज्यातल्या अनेक शाळांमध्ये गेला. सेवाग्रामची गांधीजींची नई तालीम, म्हणजे हातच्या कामातून शिक्षण, तर त्याच्याही आधीची. आपल्याला जर्मनीकडून उसनं आणायचं फारसं काही नाही.

शहरातल्या मोठ्या कॉलेजांना मात्र ही सबब चालणार नाही. त्यांच्याकडे वाचवण्यासारखं भरपूर आहे : वातानुकूलित सभागृहं, वसतिगृहं, उन्हाळ्यात रोज येणारे टँकर. कॉलेजांचं मूल्यांकन करणाऱ्या 'नॅक' या संस्थेच्या निकषांत ग्रीन ऑडिट, ऊर्जा ऑडिट, म्हणजे पर्यावरण आणि ऊर्जावापराची तपासणी, येते. बहुतेक कॉलेजं ते बाहेरच्या संस्थेला पैसे देऊन करून घेतात. जाड अहवाल येतो, समितीला दाखवला जातो, कपाटात जातो. त्याच कॉलेजात शेकडो मुलं पर्यावरणाचा सक्तीचा पेपर देत असतात आणि त्यांनी तो अहवाल पाहिलेलाही नसतो. आयोगाच्या जुन्या अभ्यासक्रमात क्षेत्रकार्याला शंभरपैकी 25 गुण होते, जवळच्या प्रदूषित जागेला भेट द्या असं स्वच्छ लिहिलेलं होतं. मी ज्यांना ज्यांना विचारलं त्यांच्यापैकी बहुतेकांनी ते 25 गुण घरी बसून लिहिलेल्या अहवालावर मिळवले.

म्हणून माझी मागणी अशी आहे. नवा विषय नको. बाहेरच्या संस्थेच्या ऑडिटवर खर्च होणारा पैसा मोजमापाच्या साधनांवर खर्च करा, ऑडिट त्या पेपरच्या विद्यार्थ्यांकडून करून घ्या, बिलं त्यांच्यासमोर ठेवा आणि वाचलेल्या रकमेतला निम्मा वाटा ग्रंथालयाला, वसतिगृहाला, जिथं विद्यार्थी म्हणतील तिथं द्या. हे मी एका प्राचार्य मित्राला सुचवलं. ते म्हणाले, "अहो, टँकरची बिलं पोरांच्या हाती दिली तर ती वाटेल ते विचारतील." खरंच विचारतील. टँकर कुठल्या विहिरीवर भरतो, त्या विहिरीभोवतालच्या शेताचं काय झालं, वसतिगृहाचं सांडपाणी कुठल्या ओढ्यात सोडलं जातं, प्रक्रिया केंद्र आठवड्यातून किती दिवस चालू असतं. यातल्या एकाही प्रश्नाला नवं पाठ्यपुस्तक लागत नाही, प्राचार्यांची परवानगी मात्र लागते.