विष सापडलं नाही तरी फाशी, विष सापडूनही निर्दोष

आमच्या सोसायटीच्या ग्रुपवर परवा एका खुनाच्या खटल्याचा निकाल येऊन पडला. आरोपी अपिलात सुटला. दहा मिनिटांत पंचवीस मेसेज, सगळ्यांचा सूर एकच: पैसे चारले असणार. एका निवृत्त बँक मॅनेजरांनी तर निकालच देऊन टाकला, "डोळ्यांनी बघणारा साक्षीदार नसेल तर आपल्याकडे शिक्षा होतच नाही." ग्रुपवर वाद घालायचा नाही असं बायकोला कबूल केलंय, म्हणून इथे लिहितोय.

होते की शिक्षा. चांगली फाशीपर्यंत होते, आणि तीही आमच्याच पुण्यातल्या केसमध्ये.

लक्ष्मीबाई कर्वे. विधवा, मधुमेहाच्या रुग्ण, पैशाने बऱ्यापैकी. १२ नोव्हेंबर १९५६ च्या रात्री त्या आपले डॉक्टर अनंत चिंतामण लागू यांच्याबरोबर रेल्वेने मुंबईला निघाल्या, तिथल्या डॉक्टरांना दाखवायला. पहाटे बोरीबंदरला गाडी लागली तेव्हा बाई बेशुद्ध. लागूंनी त्यांना गोकुळदास तेजपाल रुग्णालयात नेलं आणि नाव भलतंच सांगितलं. दुपार व्हायच्या आत बाई गेल्या. देह बेवारस पडून राहिला. पुढे शवविच्छेदन झालं, व्हिसेरा, म्हणजे पोटातल्या अवयवांचे नमुने, तपासला, विष काही निघालं नाही. म्हणजे खून झाला हेच मुळात दाखवता येईना.

आणि मग नातेवाइकांना बाईंची पत्रं येऊ लागली. मी जोशी नावाच्या गृहस्थांशी लग्न केलंय, जयपूरजवळ राठोडीला असते, काळजी नसावी! इकडे बाईंचे शेअर, बँकेतले पैसे एकेक करून डॉक्टरांच्या हातात जात होते.

आता यात निर्दोष माणसाची गोष्ट बसवून बघा. बाई मधुमेहानेच गेल्या म्हणा हवं तर. मग खोटं नाव कशाला? मेलेल्या बाईची पत्रं कशाला? मी खूप प्रयत्न केला, बसत नाही. पुण्याच्या सत्र न्यायालयाने फाशी दिली, मुंबई उच्च न्यायालयाने कायम केली, सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर १९५९ मध्ये अपील फेटाळलं. मात्र तिघांपैकी एक, न्या. सरकार, यांचं मत उलटं होतं. त्यांच्या मते गुन्हा सिद्धच झाला नव्हता. लागू दोषी हे मला पटतं. पण तिघांतला एक न्यायाधीश 'सोडा' म्हणत असताना फाशी? ती नाही पटत.

दुसरी केसही पुण्याचीच, जून १९८२ ची. लग्नाला जेमतेम चार महिने झालेली मुलगी एका रात्रीत गेली. इथे विष सापडलं, पोटॅशियम सायनाइड. नवऱ्याला सत्र न्यायालयात फाशी, उच्च न्यायालयात कायम. आणि जुलै १९८४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्याला निर्दोष सोडलं. वकिलांना आजही हा निकाल तोंडपाठ असतो: शरद बिरधीचंद सारडा विरुद्ध महाराष्ट्र राज्य. मुलीने लिहिलेल्या पत्रांत तिची घुसमट दिसत होती. न्यायालय म्हणालं, ती बघता आत्महत्येची शक्यता बाजूला सारता येत नाही. आणि विष नवऱ्याकडे होतं हे सरकार पक्षाला दाखवता आलेलं नाही. ती पत्रं निकालपत्रात वाचताना पोटात कालवतं. तरी निकाल बरोबर आहे असंच मी म्हणेन.

याच निकालात परिस्थितीजन्य पुराव्याच्या, म्हणजे कुणी डोळ्यांनी बघितलेलं नसताना आजूबाजूच्या गोष्टी जोडून उभ्या केलेल्या पुराव्याच्या, पाच कसोट्या आल्या, न्यायालयाने त्यांना 'पंचशील' म्हटलं. पाचही इथे सांगत बसत नाही. 'त्यानेच केलं असेल' आणि 'त्यानेच केलं' या दोन वाक्यांत जे अंतर आहे, ते सरकार पक्षाने पुराव्याने भरायचं असतं. आणि आमच्या ग्रुपला न पटणारी गोष्ट म्हणजे, आरोपी खोटं बोलला म्हणून पुराव्याच्या साखळीतली तुटलेली कडी जोडली जात नाही. साखळी आधीच पुरी असेल तरच त्या खोट्याचं वजन पडतं. माणसं घाबरून, अब्रूपायीही खोटं बोलतात हो.

आता माझं स्वतःचं. पंधराएक वर्षांपूर्वी टपरीवर चहा पीत असताना एका हवालदाराने हाक मारली, "साहेब, पाच मिनिटं पंच म्हणून या." नाल्याच्या कडेला आरोपीला उभं केलेलं, झुडपात चाकू. तो त्याने स्वतः काढून दिला की आधीच काढून ठेवलेला होता? मी पोचलो तेव्हा चाकू कागदावर होता. पंचनामाही लिहून तयार. ऑफिसला उशीर होत होता, मी न वाचता सही केली.

चार वर्षांनी समन्स आलं. उलटतपासणीत वकिलांनी विचारलं, "चाकूची मूठ लाकडाची होती की प्लास्टिकची?" मी सरकारी वकिलांकडे बघितलं, ते कागद चाळत होते. आरोपी माझ्याकडेच बघत होता. म्हटलं, आठवत नाही. "पंचनाम्यावर सही तुमचीच ना?" माझीच.

बाहेर आलो, भत्त्याच्या पावतीवर सही केली, ती मात्र आकडा वाचून, आणि पीएमटी पकडली. त्या केसचं पुढे काय झालं ते मी कधी विचारलं नाही.