बिऱ्हाड कोथरूडला, ठिपका डोंबिवलीत

डोंबिवलीहून कोथरूडला बिऱ्हाड हलवून आठवडा झाला होता. दुपारी बायकोचा ऑफिसातून फोन.

"कुठे आहेस?"

"घरी."

"कुठल्या?"

तिच्या मोबाइलवर माझा निळा ठिपका डोंबिवली पूर्वेला, आमच्या जुन्या इमारतीत, निवांत बसला होता. कुकरची शिट्टी ऐकवली, तेव्हा कुठे तिचा विश्वास बसला.

भाच्याने मग माझी शिकवणी घेतली. जीपीएसचे उपग्रह म्हणे 20,200 किलोमीटर वरून "मी अमुक ठिकाणी, आत्ता इतके वाजले" एवढंच ओरडत फिरतात. हा रेडिओ लहरींचा आवाज पोचायला किती वेळ लागला, त्यावरून फोन अंतर काढतो. खरं तर तीन उपग्रहांत भागलं असतं. पण फोनचं घड्याळ आपल्याकडच्या लग्नाच्या मुहूर्तासारखं, आणि इथे सेकंदाचा दहा लाखावा भाग चुकला तरी हिशोब 300 मीटरने हुकतो. म्हणून चौथा उपग्रह, घड्याळाचा कान पिळायला.

आमच्या बिल्डरने जाड घातलेली एकमेव गोष्ट म्हणजे स्लॅब. वरचा क्षीण आवाज त्यातून आत येत नाही. मग फोन आसपासचे वायफाय राउटर हुंगतो. प्रत्येक राउटरला जन्मजात नंबर असतो, आणि कुठला नंबर कुठे ऐकू येतो याची नोंद येणाऱ्याजाणाऱ्यांचे फोन परस्पर करत असतात. चाळीतल्या काकूंचंच काम, तेही बिनपगारी. नव्या इमारतीत राहायला आलेले अजून आम्हीच. त्यामुळे साक्षीदार एकच: मी टॉवेलात गुंडाळून, मांडीवर घेऊन आणलेला राउटर. आणि त्याचं रेशनकार्ड डोंबिवलीचं!

थोडक्यात, बाल्कनीत उभा राहिलो की मी कोथरूडकर, सोफ्यावर टेकलो की डोंबिवलीकर. पुण्यात हे पहिल्याच आठवड्यात कुणाला सांगायची सोय नाही.

रविवारी मिसळ मागवली. सोफ्यावरूनच.

"सर, गेटवर आलोय. वॉचमन म्हणतो, तुम्ही घर सोडलं."

पैसे आधीच भरलेले. म्हटलं, दे बाबा त्यालाच.

अर्ध्या तासाने वॉचमनचा फोन. "साहेब, तर्री एक नंबर होती. पुढल्या रविवारी पाव जरा जास्त सांगा."