गुडघ्याभोवतीच्या जाळ्यावर पाय सोपवू नका

‘गुडघ्याला दहा धमन्या रक्त देतात, एक बंद पडली तर बाकीच्या सांभाळून घेतात. गुडघा निखळला तर हाडवैद्याकडून बसवून घ्या. पंजा गरम असेल तर घाबरू नका. लवणीत जोरात मालिश केलं की नस मोकळी होते.’ हा फॉरवर्ड मामांनी घरच्या ग्रुपवर टाकलाय, म्हणून लिहितोय.

धमन्यांचं जाळं आहे, हे खरं. गुडघ्यामागच्या लवणीतून जाणारी मुख्य धमनी म्हणजे पॉप्लिटियल; तिच्या पाच फांद्या गुडघ्याला जातात: वरून दोन, खालून दोन, आणि मधली सांध्यात शिरून क्रुशिएट लिगामेंटना (सांध्यातल्या एकमेकांना छेदणाऱ्या अस्थिबंधांना) रक्त पुरवते. मांडीकडून, नडगीकडून आणखी काही येऊन मिळतात. मुख्य धमनी वर्षानुवर्षं हळूहळू अरुंद होत गेली तर या फांद्या रुंदावतात आणि पाय तगतो. एवढं मान्य.

अचानक तुटली तर नाही. मुख्य धमनी सहा-सात मिलिमीटरची, फांद्या एक-दोन मिलिमीटरच्या. आणि व्यास निम्मा झाला की तेवढ्याच दाबाला प्रवाह सोळाव्या हिश्श्यावर येतो. डिबेकी आणि सिमियोन या अमेरिकी शल्यचिकित्सकांनी १९४६ साली दुसऱ्या महायुद्धातल्या अमेरिकी जखमींचा हिशेब मांडला. पॉप्लिटियल धमनीला इजा झालेल्या ५०२ पैकी ३६४ जणांचा पाय कापावा लागला होता. तेव्हा धमनी बहुधा नुसती बांधून टाकत. जाळं त्या तरण्याताठ्या सैनिकांनाही होतंच.

आता निखळण्याचं. वाटी सरकणं वेगळं. इथे नडगीचं हाड मांडीच्या हाडाखालून सरकतं. धमनी वर मांडीच्या स्नायूतल्या फटीपाशी आणि खाली पोटरीच्या स्नायूच्या कमानीपाशी जखडलेली असते, त्यामुळे मधल्या मध्ये ती ताणली जाते. बाहेरून शाबूत, पण आतलं अस्तर फाटलेलं, आणि गुठळी धरते काही तासांनी! तोवर पंजा गरम असतो, नाडीही लागते. रक्त थांबून सहा तास झाले की पोटरीचे स्नायू वाचवणं अवघड होत जातं. म्हणून सांधा आपसूक जागेवर बसला तरी थेट रुग्णालय गाठा. तिथे घोट्याच्या रक्तदाबाला दंडाच्या रक्तदाबाने भागतात. उत्तर ०.९ च्या खाली आलं की सीटी अँजिओग्राफी, म्हणजे धमन्या दाखवणारा सीटी स्कॅन, करतात. वर आलं तरी पुन्हापुन्हा तपासत राहावं लागतं.

मालिशने धमनीतला अडथळा निघत नाही. लवणीत ती सगळ्यात खोल, सांध्याला लागून असते, तिच्यावर शीर, म्हणजे रक्त हृदयाकडे परत नेणारी वाहिनी. त्या शिरेत गुठळी असेल तर चोळल्याने सुटून फुफ्फुसात जाऊ शकते. आणि लवणीत ठोके देणारी गाठ लागली तर तो धमनीचा फुगा असू शकतो. ती चोळू नका, डॉप्लर सोनोग्राफी करून घ्या. दोन्ही पायांची, कारण जवळपास निम्म्या रुग्णांत तो दोन्हीकडे सापडतो.