वाणिज्यमंत्री व्हायचंय? मग एवढं करा

मंत्रिपद कधी कुणाच्या गळ्यात पडेल याचा हल्ली नेम राहिलेला नाही. इंदूरच्या रामबागेत निवांत पेपर वाचत बसलेल्या माणसालाही उद्या दिल्लीहून फोन येईल आणि खातं म्हणून नेमकं वाणिज्य हातात ठेवतील. तेव्हा तयारी असलेली बरी. इंदूरच्या मराठी माणसाला व्यापारातलं काय कळतं, असं कुणी हिणवलं तर लाजू नका. आपण पिढ्यान्‌पिढ्या होळकरांच्या कचेऱ्यांत हिशेब लिहिले, व्यापार शेजारच्या सेठजींनी केला. स्वतः छटाकभर माल न विकता मालाचे नियम लिहायचा एवढा अनुभव दुसऱ्या कुणाकडे असेल? आणि या खात्याला लागतो तो हाच अनुभव.

सगळ्यात आधी आयातशुल्क लावायला शिका. लावताना छाती पुढे काढून सांगायचं, हा पैसा परदेशी लोक भरणार. खरं तर तो बंदरावर आपलाच आयातदार भरतो आणि पुढे गिऱ्हाइकाकडून उकळतो, पण तोवर सभा आटोपलेली असते. दर किती ठेवायचा यावर रात्री जागवू नका. 2 एप्रिल 2025 ला ट्रम्प यांनी अख्ख्या जगाला दर लावले, त्यामागचं गणित असं होतं: त्या देशाशी असलेली व्यापारतूट घ्या, तिला तिथून येणाऱ्या मालाच्या किमतीने भागा आणि उत्तर निम्मं करा. सातवीतल्या पोराने केलं असतं तर बाईंनी पायऱ्या विचारल्या असत्या. भारताच्या वाट्याला 26 टक्के आले. हर्ड आणि मॅकडोनाल्ड बेटांना 10. त्या बेटांवर माणूस राहत नाही, पेंग्विन राहतात. पुढच्या सगळ्या धुमश्चक्रीत संयमाने वागलेला पक्ष तेवढाच.

ऑगस्टात आपल्या 26 चे 25 झाले, पण वर आणखी 25 चढले, एकूण 50. गुन्हा काय, तर रशियाचं तेल घेतलं. चीन आपल्याहून जास्त घेत होता, त्याला त्या कलमाखाली काही लागलं नाही. त्याच्या हातात दुर्मिळ खनिजांच्या किल्ल्या होत्या, हा मी निव्वळ योगायोग मानतो. तुम्हीही माना. तत्त्व कुणाला लावायचं हे समोरच्याचं मनगट बघून ठरवावं.

शुल्क वाढवायला तोंड नसेल, म्हणजे करार आड येत असेल, तर फ्रान्सला गुरू करा. 1982 च्या ऑक्टोबरात त्यांना जपानी व्हिडिओ रेकॉर्डरांचा लोंढा थोपवायचा होता. बंदी घातली नाही, शुल्काला हात लावला नाही. फक्त फर्मान निघालं की बाहेरून येणारा प्रत्येक रेकॉर्डर प्वातिए गावच्या कस्टम कचेरीतूनच सुटेल. प्वातिए बंदरांपासून कोसो दूर, कचेरी टीचभर, माणसं बोटांवर मोजण्याइतकी. खोकं उघडायचं, आतला कागद फ्रेंचमध्ये आहे का बघायचं, खोकं मिटायचं, दुसरं उघडायचं. नाताळाचा हंगाम तोंडावर आणि माल गोदामात थप्पीला. 732 साली याच गावाजवळ फ्रँकांनी अरब फौज अडवली होती, आता तेच काम कारकुनांनी तलवार न उपसता करून दाखवलं. पुढच्या वर्षी जपानने युरोपला पाठवायच्या रेकॉर्डरांवर स्वखुशीने मर्यादा घालून घेतली. जपानची खुशी अशी अधूनमधून उफाळून येतेच. 1981 मध्ये अमेरिकेला वर्षाकाठी 16 लाख 80 हजारांवर मोटारी पाठवायच्या नाहीत, हेही त्यांनी स्वखुशीनेच ठरवलं होतं. संख्या बांधली गेल्यावर त्यांनी महागड्या मोटारी पाठवल्या आणि नफा वाढवला, पण ते तपशील भाषणात घेऊ नयेत.

प्वातिएची पद्धत आपल्याला नवी नाही म्हणा. घर आपल्या नावावर करून घेण्याचा अर्ज घेऊन एकदा खिडकीपुढे उभं राहून बघा, फ्रेंच कारकून शिकवणी लावायला येतील.

एक पथ्य मात्र पाळा. एकदा लावलेलं शुल्क काढायचं नाही, कारण विसरलं तरी चालेल. युरोपने अमेरिकन कोंबड्यांवर कर वाढवला म्हणून अमेरिकेचे अध्यक्ष जॉन्सनसाहेबांनी चिडून छोट्या मालवाहू गाड्यांवर 25 टक्के लावले, ते 1964 पासून लागू. ते भांडण मिटून जमाना झाला, 25 टक्के जिवंत आहेत. त्यापायी फोर्डने कमाल केली. तुर्कस्तानात बनलेल्या व्हॅनला मागे सीटं आणि खिडक्या लावून प्रवासी गाडी म्हणून आणायची, आणि बंदर ओलांडलं की सीटं उपटून फेकायची. कोर्टकचेऱ्या होऊन 2024 मध्ये साडेछत्तीस कोटी डॉलर भरून प्रकरण मिटलं. सीटं बसवणारे आणि सीटं उपटणारे, दोघांनाही रोजगार देणारी दुसरी योजना माझ्या पाहण्यात नाही.

आता घरचं बघा, कारण मंत्र्याला मतदारसंघही असतो. माळव्यात सोयाबीन. ऑक्टोबरात छावणीच्या मंडीत जाऊन उभे राहा. ट्रॉलीवर व्यापाऱ्याचा माणूस चढतो, कोपरापर्यंत हात खुपसून तळातली मूठ वर काढतो, तळहातावर दाणे पसरतो, एक दाताखाली फोडतो आणि आभाळाकडे बघत म्हणतो, “नमी है दादा.” एवढ्यात क्विंटलमागे दोनशे गेले. शेतकरी काही बोलत नाही, मागच्या ट्रॉलीवाल्याकडे बघतो. तिथेही तेच चाललेलं असतं.

2024 ला हमीभाव होता 4892 आणि शेतकरी 6000 मागत रस्त्यावर उतरले होते. तेव्हा सरकारने जे केलं ते पाठ करून ठेवा. 14 सप्टेंबरपासून कच्च्या खाद्यतेलावरचं मूळ शुल्क शून्यावरून थेट 20 टक्क्यांवर नेलं. बातम्या झाल्या, हार-तुरे झाले. भाव मात्र हमीभावाच्या खालीच घुटमळत राहिला. कारण तेल काढणाऱ्या प्लांटवाल्याला विचारा, चहा संपायच्या आत सांगेल. क्विंटलभर सोयाबीनमधून तेल निघतं अठरा किलोच्या आसपास, बाकी बहुतेक सगळी डीओसी, म्हणजे पेंड. शुल्काची छत्री धरली अठरा किलोंवर, आणि पेंडीला गिऱ्हाईक नाही, कारण इथेनॉलच्या कारखान्यांतून मका-तांदळाचा चोथा स्वस्तात कोंबड्यांपुढे येऊन पडलेला. इथेनॉल दुसऱ्या खात्याकडे असतं. तुमच्या खात्याने दिलं, त्यांच्या खात्याने नेलं, फायलीवर दोघंही निर्दोष.

मग 30 मे 2025 ला तेच शुल्क निम्म्यावर, 10 टक्क्यांवर आलं. पेरणी दारात उभी. सप्टेंबरात शेतकऱ्याचे आभार, मेमध्ये गृहिणीचे. दोघं एका व्यासपीठावर येऊन एकमेकांना काही विचारणार नाहीत, एवढी काळजी घ्या.

मधल्या काळात शेजाऱ्यालाही हात द्यावा. नेपाळात सोयाबीन पिकतं नावापुरतं, पण सोयातेल त्यांच्या निर्यातीत पहिल्या रांगेत. दक्षिण आशियाई करारामुळे नेपाळी तेलाला आपल्याकडे शुल्क नाही. तेव्हा अर्जेंटिनाचं कच्चं तेल कोलकात्याला उतरतं, आपल्याच रस्त्याने नेपाळात जातं, तिथे शुद्ध होतं आणि शुचिर्भूत होऊन परत येतं. आपण शुल्क जितकं चढवू तितका त्याला हा प्रवास मानवतो.

निर्यातीबाबत एकच सांगतो. आधी मोठ्याने वचन द्या. 2022 ला जगाला गहू पुरवू म्हणालो आणि 13 मेला बंदी घातली. आपल्या भागातला गहू भरलेले ट्रक कांडल्याला रांगेत उन्हात उभे. कांदा तर इतक्यांदा बंद-चालू केलाय की गिऱ्हाईक देशांनी आता दुसरीकडे खाती उघडलीत. उधारी बुडवायची भीती असलेला दुकानदार पाळत ठेवून असतो, तसे ते बसलेले असतात.

कुणी म्हणालं की हे सगळं नवं आहे, तर त्याला अफूची आठवण द्या. कंपनी सरकारचा बंगालच्या अफूवर मक्ता होता, आणि इकडे होळकर-शिंद्यांच्या मुलखात माळवी अफू आपल्या मर्जीने पिकत होती. कंपनीने आधी संस्थानिकांशी करार करून ती दाबायला पाहिली. माल राजपुतान्यातून कराचीला आणि तिथून पोर्तुगीजांच्या दमणला पोहोचू लागला. तेव्हा 1830 च्या सुमारास साहेबाने शहाणपण केलं, मुंबईमार्गे नेणाऱ्यांना पैसे घेऊन पास देऊ केला. 1843 ला सिंध गिळला, कराचीची वाट हाती आली, आणि पासाची फी वर वर सरकू लागली. हेच लोक त्याच सुमारास चीनवर तोफा डागून खुल्या व्यापाराचा धडा देत होते. स्पर्धकाची वाट बंद झाल्यावर दर वाढवावा, ही विद्या तेव्हापासून आपल्या मातीत आहे.

तक्रारीची भीती बाळगू नका. जागतिक व्यापार संघटनेत अपिलाचं पीठ होतं. अमेरिकेने नवे पंच नेमूच दिले नाहीत, डिसेंबर 2019 पासून गणपूर्तीच नाही. साखरेच्या अनुदानाचं प्रकरण आपण 2021 च्या डिसेंबरात हरलो आणि लगेच या पीठाकडे अपील ठोकलं. पीठ नाही, सुनावणी नाही, म्हणून निकालही नाही. हरूनही न हरण्याची एवढी सभ्य सोय आपल्या जिल्हा न्यायालयांतसुद्धा नाही.

राहता राहिला पाहुणचार. 2023 मध्ये गुंतवणूक परिषद आणि जी-20 ची कृषी बैठक दोन्ही इंदुरात झाल्या, तशा पुन्हा होतील, आणि वाटाघाटी अडल्या की चहापानाची वेळ तुम्हालाच काढावी लागेल. तेव्हा शेव मांडा. बेसनात पिवळ्या मटाराचं पीठ जातं हे मंडीत पोरालाही ठाऊक आहे. या मटारावर आपण 2017 ला 50 टक्के शुल्क लावलं आणि 2023 च्या डिसेंबरात ते जवळपास दोन वर्षांसाठी शून्यावर आणलं, म्हणून कॅनडावाल्याच्या पुढे मोठी वाटी ठेवा. कढईत पामतेल असतं, त्या वाटीवर इंडोनेशिया आणि मलेशियाच्या लोकांना शेजारी शेजारी बसवा. वर जिरावण मसाला भुरभुरा, ते अस्सल इथलं. सगळे आवडीने खातील, कारण निम्मं त्यांच्याच घरचं आहे, आणि तुम्ही माइक हातात घेऊन स्वदेशीवर बोलायला मोकळे.