न्यूज म्हणजे चार दिशा नव्हेत

आमच्या कोथरूडच्या सोसायटीच्या ग्रुपवर एक फॉरवर्ड दर दोन-चार महिन्यांनी फिरून येतो. न्यूज म्हणजे नॉर्थ, ईस्ट, वेस्ट, साउथ. गोल्फ म्हणजे जंटलमेन ओन्ली, लेडीज फॉरबिडन. टिप म्हणजे टु इन्शुअर प्रॉम्प्टनेस. पॉश म्हणजे पोर्ट आउट, स्टारबोर्ड होम. आणि शेवटी ठळक अक्षरांत निष्कर्ष: ‘मराठी शब्दांना व्युत्पत्ती असते, इंग्रजी शब्दांना नुसता फुलफॉर्म.’

आजवर मी काही बोलले नाही. पण मागच्या आठवड्यात माझ्याकडे शिकवणीला येणाऱ्या नववीतल्या मुलीने प्रकल्पाची वही दाखवली. पहिल्याच पानावर स्केचपेनने सुंदर होकायंत्र काढलेलं, चार टोकांना चार अक्षरं, मधोमध ‘न्यूज’. बाजूला लाल शाईत बरोबरची खूण. चुकीची गोष्ट इतक्या मेहनतीने मुलांच्या डोक्यात बसत असेल, तर आता बोलायलाच हवं.

न्यूजपासून सुरू करते. हा शब्द ‘न्यू’ या विशेषणापासून आला. न्यू म्हणजे नवं, न्यूज म्हणजे नव्या गोष्टी. चौदाव्या शतकाच्या अखेरीपासून तो इंग्रजीत लिहिलेला सापडतो, आणि तेव्हा स्पेलिंग ठरलेलं नव्हतं. जुन्या लिखाणात त्यात एक जादा ‘ई’ दिसतो, कुठे ‘आय’, कुठे ‘वाय’. चार दिशांपासून शब्द झाला असता, तर ही पाचवी दिशा कुठली? फ्रेंचमध्येही बातमीला ‘नूव्हेल’ म्हणतात, त्याचाही अर्थ नवं. आणि आपण तरी काय करतो? लक्ष्मी रोडवर ओळखीचं कोणी भेटलं की विचारतो, ‘काय नवीन?’ बातमीच विचारत असतो आपण. त्याहून महत्त्वाचं म्हणजे इंग्रजी ‘न्यू’ आणि संस्कृत ‘नव’ ही एकाच जुन्या मुळाची रूपं आहेत. आपल्या ‘नवल’, ‘नवलाई’शी या शब्दाचं असं खरं नातं असताना आपण मुलांना होकायंत्र काढायला लावतो, याचं मला वाईट वाटतं.

(परीक्षेत गुण जातात म्हणून सांगते: शेवटी एस दिसला तरी आजच्या इंग्रजीत न्यूज एकवचनीच चालतो. ‘न्यूज इज’, ‘न्यूज आर’ नाही.)

शब्दाचं मूळ तपासायची रीत पुण्याला परकी नाही. येरवड्याला डेक्कन कॉलेजात 1948 पासून संस्कृतच्या महाकोशाचं काम चाललं आहे. सुमारे दीड हजार ग्रंथांतून काढलेल्या जवळपास एक कोटी चिठ्ठ्या तिथे आहेत. कुठला शब्द, कुठल्या ग्रंथात, कुठल्या अर्थाने आला, याची एकेक नोंद. ऑक्सफर्डचा मोठा इंग्रजी कोशही अशाच चिठ्ठ्यांवर उभा राहिला. म्हणजे इंग्रजी शब्दांनाही व्युत्पत्ती असते, आणि ती नोंदी दाखवून सिद्ध करावी लागते.

नोंदी लावल्या की गोल्फचा फुलफॉर्म लगेच पडतो. 1457 साली स्कॉटलंडच्या संसदेने फुटबॉल आणि गोल्फवर बंदी घातली, कारण लोक धनुर्विद्येचा सराव सोडून खेळत बसत. शब्द तेव्हाच रुळलेला होता. तो बहुधा दांडूसाठी असलेल्या ‘कोल्फ’ या डच शब्दाच्या नात्यातला आहे. आणि बायकांना मज्जाव? 1567 मध्ये नवऱ्याच्या खुनानंतर काही दिवसांतच स्कॉटलंडची राणी मेरी गोल्फ खेळली, असा ठपका तिच्या विरोधकांनी ठेवला होता.

टिपबद्दल फार लिहायला नको. सतराव्या शतकात भामट्यांच्या बोलीत ‘टिप’ म्हणजे देणं, हातात सरकवणं, त्यावरून बक्षिसी. शिवाय तत्परतेची खात्री हवी, तर ‘इन्शुअर’ नव्हे ‘एन्शुअर’ हवं, आणि पैसे जेवणाआधी द्यायला हवेत.

पॉशची गोष्ट आपल्या लोकांना जास्त आवडते, कारण तिच्यात मुंबईची बोट आहे. इंग्लंडहून येताना डावीकडची आणि परतताना उजवीकडची केबिन सावलीत असे, म्हणून श्रीमंतांच्या तिकिटावर ही चार अक्षरं छापत, असं सांगतात. असं एकही तिकीट आजवर सापडलेलं नाही. या शब्दाचं मूळ कोशकारांनी नक्की ठरवलेलं नाही, पण एकोणिसाव्या शतकात चोरांच्या बोलीत ‘पॉश’ म्हणजे किरकोळ नाणं, अर्धा पेन्स, अशी नोंद आहे. तो शब्द युरोपातल्या रोमा लोकांच्या रोमानी भाषेतला, अर्थ ‘अर्धा’. रोमानी बोलणाऱ्यांचे पूर्वज भारतातून गेलेले, आणि त्यांचा हा शब्द संस्कृत ‘पार्श्व’पासून आलेला. त्याच पार्श्वपासून आपलं ‘पाशी’ आलं. आजचा ‘पॉश एरिया’तला पॉश त्या नाण्यापासूनच निघाला, असं मी छातीठोकपणे म्हणणार नाही. पण तिकिटाच्या गोष्टीपेक्षा या वाटेवर पुरावा तरी आहे.

फुलफॉर्मचे शब्द इंग्रजीत आहेत, हे मान्य. रडार आहे, लेझर आहे. ‘ओके’सुद्धा: 1839 साली बॉस्टनच्या एका वर्तमानपत्रात ‘ऑल करेक्ट’चं मुद्दाम चुकीचं स्पेलिंग करून त्याची आद्याक्षरं छापली, तिथून तो पसरला. पण आद्याक्षरं जोडून शब्द करायची पद्धत मुख्यतः विसाव्या शतकातली. आपणही महाराष्ट्र साहित्य परिषदेला मसाप म्हणतो, पुण्याच्या बसला पीएमटी म्हणतो, आणि तेही अलीकडचंच. त्याआधीच्या शब्दाचा फुलफॉर्म कोणी सांगितला, तर आधी त्याची सगळ्यात जुनी नोंद मागा.

त्या मुलीला मी हे सगळं सांगितलं. तिने होकायंत्राकडे एकदा पाहिलं आणि विचारलं, ‘मग बाई, बॅडमिंटनचा फुलफॉर्म काय?’ मी म्हटलं, फुलफॉर्म नाही, ते इंग्लंडमधल्या एका सरदाराच्या वाड्याचं नाव आहे. आणि आपल्या इथल्या छावणीत इंग्रज अधिकारी हा खेळ खेळत, तेव्हा त्याला ‘पूना’ म्हणत. तिने लगेच वहीचं पान उलटलं आणि नव्या पानावर रॅकेट काढायला घेतली.