'माणूस सुटला, मग तक्रार कसली?' : एका प्रतिक्रियेला उत्तर

सप्रेम नमस्कार.

खटला मागे घेतला गेला की आरोपी सुटतो, पण तो निर्दोष होता की नाही हे कोणी तपासतच नाही, अशी तक्रार मी मागच्या लेखात केली होती. त्यावरील आपली प्रतिक्रिया मी तीनदा वाचली. 'खटला सरकारचा, सरकारी वकिलाने तो मागे घेतला, उच्च न्यायालयातली याचिका निकाली निघाली, माणूस सुटला; मग हे रडगाणे कशासाठी?' असे आपण विचारता. मतभेदाला माझी हरकत नाही. हरकत 'रडगाणे' या शब्दाला आहे, कारण तो वापरण्यापूर्वी समोरचा माणूस कधी कोर्टाची पायरी चढला आहे का, एवढे तरी आपण विचारायला हवे होते.

विचारले नाहीत, म्हणून सांगतो. महाविद्यालयात असताना रास्ता रोकोच्या एका गुन्ह्यात माझे नाव गोवले गेले. त्या दिवशी मी दुसऱ्या गावी परीक्षेला बसलो होतो आणि पर्यवेक्षकाची सही असलेले हॉल तिकीट माझ्याकडे होते. गुन्हा रद्द व्हावा म्हणून उच्च न्यायालयाच्या खंडपीठात याचिका केली, तिला ते जोडले. सुनावणीचा नंबर लागेपर्यंत आंदोलनाचे खटले मागे घेण्याचे ठरले, खालच्या कोर्टाने संमती दिली आणि 'आता याचिकेत काही उरलेले नाही' अशा दोन ओळींत माझी याचिका निकाली निघाली. त्या हॉल तिकिटाकडे एकाही न्यायाधीशाने पाहिले नाही. दोषारोप निश्चित झाले नव्हते, म्हणजे कोर्टाने माझ्यावर नेमके कोणते आरोप चालवायचे हे ठरवले नव्हते; त्यामुळे पदरात पडले ते नुसते उन्मोचन, म्हणजे निर्दोष न ठरवता खटल्यातून केलेली मुक्तता. दोषारोपानंतर खटला मागे घेतला असता तर निदान निर्दोष सुटल्याची नोंद झाली असती. पुढे पासपोर्टच्या पडताळणीला घरी आलेल्या हवालदाराने पहिला प्रश्न विचारला तो 'गुन्हा कशाचा होता?' हाच, आणि चहा घेऊन आलेली माझी आई दारातच थबकली. आपण ज्याला सुटका म्हणता ती ही.

एक गोष्ट मान्य करतो. न्यायालयाच्या संमतीने खटला मागे घेण्याच्या तरतुदीसाठी मी फौजदारी प्रक्रिया संहितेचे कलम 321 लिहिले होते. 1 जुलै 2024 पासून ही तरतूद भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 360 मध्ये आहे आणि पीडिताला म्हणणे मांडण्याची संधी दिल्याशिवाय न्यायालयाला संमती देता येत नाही, ही त्यातली नवी भर आहे. आपली ही दुरुस्ती लेखात केली आहे.

मात्र 'खटला सरकारचा' हे आपले म्हणणे कायद्याला धरून नाही. केरळ विधानसभेत 13 मार्च 2015 रोजी झालेल्या तोडफोडीत 2,20,093 रुपयांचे नुकसान झाले. पुढे सत्ता बदलल्यावर आमदारांवरील खटला मागे घेण्याचा अर्ज आला. तिरुवनंतपुरमच्या मुख्य न्यायदंडाधिकाऱ्यांनी तो फेटाळला आणि 28 जुलै 2021 रोजी सर्वोच्च न्यायालयाने तो नकार कायम ठेवला. सरकारी वकिलाने स्वतःची बुद्धी वापरून, सद्हेतूने आणि न्यायाच्या हितासाठी निर्णय घेतला आहे का, हे न्यायालयाने पाहायचे असते.

माझ्या राजकीय कलाबद्दल आपण केलेल्या उरलेल्या शेऱ्यांना उत्तर देण्याची मला गरज वाटत नाही. याचिकेची प्रत आजही माझ्याकडे आहे. हवी असल्यास पाठवीन. ती वाचा आणि मग बोला.