फाटक्या आवाजाची आरती

गणपतीचे दिवस आले की आमच्या गल्लीतल्या मंडळाचा भोंगा माझ्या बाल्कनीकडे तोंड करून बसतो. पलीकडे फिरवता येत नाही, कारण तिकडे भरघोस वर्गणी देणारे डॉक्टर राहतात. माझी वर्गणी बेताची, त्यामुळे आरती थेट माझ्या वरणभातात.

मोठ्या आवाजाबद्दल माझं काही म्हणणं नाही. अनंत चतुर्दशीच्या झाँक्या, म्हणजे चित्ररथ, रात्रभर पाहिलेल्या इंदूरकराने डेसिबलच्या गोष्टी करू नयेत. दुखणं आहे ते आवाज फाटण्याचं. आमच्या गुरुजींचा गळा गोड, पण भोंग्यातून ते गुरुजी आहेत हे सांगावं लागतं. 'श' आणि 'स' तर नुसते सळसळतात, कारण साउंडवाला पोरगा ट्रेबल, म्हणजे आवाजातला उंच सुरांचा भाग, पोह्यांवर जिरावण मसाला भुरभुरावा तसा हात सैल सोडून टाकतो.

"काका, पाँच हज़ार वॉट का सेट है!" तो छाती काढून म्हणाला.

मी मागे जाऊन प्लग पाहिला. घरगुती ६ अँपियरचा पॉइंट. २३० व्होल्टने गुणलं तर १३८० वॉट होतात. उरलेले साडेतीन हजार बहुधा बाप्पा स्वतः पुरवत असावेत. खोक्यावर बारीक अक्षरात 'पीएमपीओ' लिहिलेलं होतं. म्हणजे क्षणभराच्या शिखराचा, तोही उदार मनाने काढलेला आकडा. सतत मिळणारे वॉट विचारले की असे सेट एकदम विनम्र होतात.

गोम साधी आहे. अँप्लिफायरला पॉवर सप्लाय जेवढे व्होल्ट देतो, त्यापलीकडे त्याला जाता येत नाही. लाट त्याहून उंच उठवायला गेलात की वरून-खालून तिचा माथा सपाट छाटला जातो. याला क्लिपिंग म्हणतात. छाटलेल्या लाटेत मुळात नसलेले सूर उगवतात: गुरुजी २०० हर्ट्झवर असले तर ६००, १०००, १४०० अशी बिनबुलाई वरात सोबत निघते. त्यात झांजा आणि ढोलकी मिसळली की सगळ्यांच्या बेरजा-वजाबाक्यांतून आणखी सूर जन्मतात, जे कुणीच वाजवलेले नसतात. उस्ताद अमीर खाँसाहेबांच्या इंदुरात हे चालतं!

मी मेन अँपचा आवाज कमी करायला लावला. आवाज कमी झाला, पण तितकाच फाटका राहिला. कार्यवाह खूश: "बघा, म्हणजे दोष सेटचा नाही, तुमच्या कानांचा!" खरं तर माइकचा गेन, म्हणजे त्याचा आवाज किती पट वाढवायचा ते बटण, अँपच्या आधीच्या साउंड मिक्सरवरच शेवटपर्यंत पिळलेला होता. माथा तिथेच उडाला होता. पुढच्या अँपने ते बिनडोक्याचं धड फक्त लहान करून दाखवलं. पण हे ऐकायला कार्यवाह थांबले नाहीत. प्रसाद वाटायचा होता.

अँप्लिफायरच्या अंगच्या विकृतीवर इलाज १९२७ मध्येच निघाला होता. बेल लॅब्जचे हॅरॉल्ड ब्लॅक फेरीबोटीतून हडसन नदी ओलांडून कामावर जात होते. त्यांना सुचलं की बाहेर पडणाऱ्या आवाजाचा थोडा भाग उलटा करून पुन्हा आत सोडला, तर अँप्लिफायर स्वतःची चूक स्वतःच कापतो. हातातल्या वर्तमानपत्रावरच त्यांनी ते उतरवून ठेवलं. पेटंट मिळायला १९३७ उजाडलं. अर्थात, पुरवठ्याबाहेरचे व्होल्ट यातूनही मिळत नाहीत. माथा उडायचा तो उडतोच. आणि हा 'निगेटिव्ह फीडबॅक' मंडळाला चालत नाही तो नाहीच. तिथे सगळा पॉझिटिव्ह! अध्यक्ष माइक घेऊन नेमके भोंग्यासमोर उभे राहिले. भोंग्याचा आवाज माइकमध्ये, माइकचा भोंग्यात, आणि अशी काही 'कूंऽऽऽ' उठली की डॉक्टरसुद्धा बाहेर आले.

टाळ्या पडल्या.

आरती झाल्यावर मी पोराला जवळ बोलावून म्हटलं, "बेटा, गेन जरा कमी ठेव, आवाज साफ येईल."

त्याने माझ्याकडे अत्यंत कणवेने पाहिलं. "काका, साफ़ आवाज़ में पब्लिक को लगता है, सेट चालू ही नहीं है."